रीगाचे १८ चषक म्हणजे नुसती उंची? काहीही!

रिबाउंड_राणी
काल 'उरल' यांनी पोस्ट टाकली. सार असं: महिला युरोलीगचा (युरोपातल्या बास्केटबॉल क्लबांची स्पर्धा) इतिहास १९९६ पासूनच मोजावा, कारण त्याआधीचा तो नुसता चॅम्पियन्स कप, लॅटव्हियातल्या (तेव्हा सोव्हिएत संघातल्या) रीगाचे १८ चषक म्हणजे "एक सात फुटी पोरगी आणि समोर हौशी बायका", खरा खेळ रशियाच्या येकातेरिनबुर्गने दाखवला, आणि २०२२ मध्ये रशियन क्लब बाहेर काढल्यापासून स्पर्धेत राम उरला नाही. रात्री दीडपर्यंत डोळ्याला डोळा लागला नाही, म्हणून इथे वेगळा धागा.

आधी हिशेब करू. रीगाची टीम टीटीटी जिंकली १९६०, ६१, ६२ ला, मग १९६४ ते ७५ सलग बारा वर्षं, मग ७७, ८१ आणि ८२. यातले उल्याना सेम्योनोव्हाचे (तीच ती 'सात फुटी पोरगी') अकरा. उरलेले सात ती संघात यायच्या आधीचे. १९६० मध्ये ती आठ वर्षांची होती हो! आणि रीगात ती १९८७ पर्यंत होती. १९८२ नंतर तिची उंची काय आटली होती का? तरी ८३ चा चषक इटलीच्या व्हिचेन्झाने नेला, ८४ चा सोफियाच्या लेव्हस्कीने, ८५ पासून सलग चार परत व्हिचेन्झाने.

'समोर हौशी बायका' हे तर चीड आणणारं. फ्रान्सच्या क्लेरमाँ-फेराँच्या मुली सत्तरच्या दशकात पाचदा अंतिम सामन्यात पोचल्या आणि पाचही वेळा हात हलवत परतल्या. एकही चषक नाही. त्यांना जाऊन सांगा, समोर कोणी नव्हतं म्हणून!

आणि टीटीटी म्हणजे काय, तर ट्राम-ट्रॉलीबस खातं. बेस्टच्या संघाने युरोप जिंकल्यासारखं आहे ते. तुमच्या येकातेरिनबुर्गमागे तांब्याच्या खाणी होत्या. कोणाचं कौतुक जास्त करायचं?

उरल
पोस्ट माझी, तेव्हा उत्तर देणं आलं. सात चषक आधीचे, हे मान्य. पण ट्राम खात्याची गरीब बिचारी टीम वगैरे रंगवू नका. सोव्हिएत खेळाडू कागदावर 'हौशी' असायच्या, काम मात्र दिवसभर बास्केटबॉलच. पैसा तेव्हाही होता, फक्त सरकारचा. आपल्याकडे राष्ट्रीय स्पर्धेत रेल्वेच्या मुली वर्षानुवर्षं जिंकत आल्यात, त्यामागे काय आहे? नोकरी. मग खाणवाल्याचा पैसा तेवढा अस्पृश्य का?

त्या पैशामुळेच बायकांना पहिल्यांदा कष्टाचं मोल मिळालं. अमेरिकन खेळाडू डायना टॉरासीला तिकडच्या डब्ल्यूएनबीए लीगमध्ये वर्षाला लाखभर डॉलर, येकातेरिनबुर्गमध्ये साधारण पंधरा लाख, असं तेव्हा छापून आलं होतं. २०१५ चा अमेरिकन हंगाम तिने चक्क सोडला, कारण क्लबने विश्रांतीचे पैसे दिले. विश्रांतीचे! माझ्या ऑफिसात हक्काची रजा मागितली तरी साहेबाचं तोंड वाकडं होतं.

प्राग_पोस्ट
बारा वर्षं प्रागमध्ये राहतोय. २०१५ चा अंतिम सामना क्रालोव्का हॉलमध्ये बसून पाहिलाय. यूएसके प्राग विरुद्ध तुमचं पंधरा लाखवालं येकातेरिनबुर्ग. जिंकलं कोण ते शोधा. शेजारी एक आजी होत्या, सामना संपल्यावर त्यांनी मला मिठी मारली. मी कोण, कुठला, काही माहीत नाही. इथे लोक लिफ्टमध्येही बोलत नाहीत!

आणि 'राम उरला नाही' म्हणताय? २०२२ मध्ये हंगेरीतल्या साठेक हजार वस्तीच्या सोप्रोनने इस्तंबूलला जाऊन तिथल्याच फेनरबाहचेला हरवलं. २०२५ ला स्पेनमधल्या सारागोसात पुन्हा आम्ही. (हो, 'आम्ही'. कर भरतो मी इथे.)

उरल
सोप्रोन जिंकलं, कारण येकातेरिनबुर्गला मार्चमध्येच घरी बसवलं होतं. वर्गातला पहिला आजारी पडला की दुसऱ्याचा पहिला नंबर येतो, त्यातली गत.

रिबाउंड_राणी
घरी का बसवलं तेही लिहा की. आणि अमेरिकन खेळाडू ब्रिटनी ग्राइनर? त्याच क्लबसाठी खेळायला जाताना फेब्रुवारी २०२२ मध्ये मॉस्कोच्या विमानतळावर धरली, सुटली डिसेंबरमध्ये, तीही एका शस्त्रविक्रेत्याच्या बदल्यात. त्याआधी २००७ ते २०१० सलग चार चषक जिंकलेलं स्पार्ताक मॉस्को रीजन घ्या. मालक शब्ताय काल्मानोविच, सोव्हिएत हेर म्हणून इस्रायलमध्ये तुरुंग भोगून आलेला. नोव्हेंबर २००९ मध्ये मॉस्कोत भररस्त्यात गाडीत गोळ्या घातल्या त्याला. हा तुमचा 'खरा इतिहास'. आमच्या ट्रामवाल्या बऱ्या.

सहा_फूट_वैतागलेली
मला युरोलीगमधलं काही कळत नाही, पण 'सात फुटी पोरगी' वाचलं आणि डोकं फिरलं. सातवीत मी पाच फूट नऊ होते. पीटीच्या सरांनी एक शब्द न विचारता बास्केटखाली उभं केलं. "हात वर कर आणि उभी राहा." तीन वर्षं मी तेच केलं. ड्रिबल शिकवलं नाही, पास शिकवला नाही. दहावीत गुडघा गेला, तेव्हा सर म्हणाले, "उंच मुलींचं असंच असतं." मला तबला शिकायचा होता! कोणी विचारलं? आजही लग्नकार्यात कोणी ना कोणी म्हणतंच, "बास्केटबॉल खेळतेस का गं?" त्या सेम्योनोव्हाला आयुष्यभर काय काय ऐकावं लागलं असेल.

पाच_फूट_एक
ताई, राग मानू नका, पण तुम्हाला निदान कोर्टावर ढकललं. मला बाहेर काढलं. पॉइंट गार्ड होते, म्हणजे खेळ चालवणारी; आंतरशालेयमध्ये माझ्याएवढे असिस्ट (दुसरीला बास्केट करून देणारे पास) कोणाचेच नव्हते. जिल्ह्याच्या निवडीला मोजपट्टी घेऊन बसलेल्या गृहस्थांनी बॉल हातात घ्यायच्या आधीच नाव खोडलं. घरी येऊन उशीत तोंड खुपसून रडले. तेव्हा उंचीचं दुःख मला सांगू नका.

सहा_फूट_वैतागलेली
म्हणजे माझा गुडघा गेला ते भाग्य समजू? अजून जिना उतरताना कठडा धरावा लागतो.

पाच_फूट_एक
तसं म्हटलं नाही. पण प्रत्येक वेळी उंच मुलींचीच करुण कहाणी ऐकायची? आमच्या वाट्याला सहानुभूतीसुद्धा बसक्या मापाची.

खडूस_अण्णा
उंची आनुवंशिक असते. दोघींनी आपापल्या आजोबांना दोष द्यावा. बाकी आमच्या हिच्या भाचीसाठी पाच-दहाच्या वरचा मुलगा तीन वर्षं शोधतोय, कोणाच्या पाहण्यात असल्यास व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा.

रिबाउंड_राणी
अण्णा, हा वधू-वर मेळावा नाही!

खडूस_अण्णा
बाई, तुमच्या १९६० च्या ट्रामपेक्षा मुलीचं लग्न महत्त्वाचं आहे. आणि ओरडायचं काम नाही. इथे बरीच वर्षं आहे मी.

टिप_ऑफ
अण्णा मधे पडले नसते तर मुद्दा चांगला चालला होता. सेम्योनोव्हा नुसती उभी राहायची हे साफ खोटं आहे. तिघी-तिघी मार्क करून मुली तिला लोंबकळायच्या, तरी बॉल बाहेर नेमका मोकळ्या मुलीकडे जायचा. आणि तेव्हा तीन गुणांची रेषाच नव्हती, लांबून टाकलं तरी दोनच; फिबाने (आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघ) ती आणली १९८४ मध्ये. त्या नियमांत आत बॉल देणं हाच शहाणपणा. रीगाने तो सगळ्यांत चांगला केला, यात फसवणूक कुठे?

पण राणीताई, तुमचंही एक चुकतंय. पैसा वाईट आणि ट्राम चांगली, असं नाही होत. तेव्हा साधारणपणे एका देशाचा एक विजेता जायचा. सोव्हिएत लीगमध्ये रीगा २१ वेळा जिंकली, म्हणजे तिकीट जवळपास दरवर्षी ठरलेलं. त्या देशातल्या दुसऱ्या क्रमांकाच्या संघाला ही स्पर्धा सहसा दिसायचीच नाही. आज एकाच देशाचे दोन संघ अंतिम सामन्यात येतात. २०१४ ला तुर्कस्तानचेच गलातासराय-फेनरबाहचे, तेही येकातेरिनबुर्गमध्ये. २०२३ ला फेनरबाहचे-मर्सिन. हे बरं नाही का?

रिबाउंड_राणी
बरं आहे. दोन संघांचं मान्य, बाकी काही नाही.

प्राग_पोस्ट
पैशाची दुसरी बाजूही लिहितो. २०१९ ला सोप्रोनमध्ये अंतिम सामन्यात अमेरिकेच्या ब्रिआना स्टुअर्टच्या टाचेमागची शीर तुटली. रशियाच्या कुर्स्ककडून खेळत होती. अमेरिकेचा अख्खा हंगाम बुडाला. बारा महिने दोन खंडांत खेळून पोट भरायचं, तर शरीर बोलणारच. आता डब्ल्यूएनबीएने नियम काढलाय की त्यांचा हंगाम आधी, युरोप नंतर. नावाजलेल्या अमेरिकन मुली इकडे कमी दिसतात. आजीला फरक पडलेला नाही, ती अजून त्याच खुर्चीत बसते.

सहा_फूट_वैतागलेली
बघा! उंच मुलींचंच शरीर जातं.

पाच_फूट_एक
स्टुअर्ट सहा-चार आहे, म्हणून तुम्हाला आठवली. गार्डचे गुडघे जात नाहीत असं वाटतं का? आज रात्री माझ्या एमआरआयचा फोटो टाकते.

उरल
एमआरआय नकोत, मी शरण आलो. १९९६ च्या आधीचं मोजा, सगळं मोजा, १९५९ चं विजेतं स्लाव्हिया सोफियाही मोजा. रीगाचे अठरा, येकातेरिनबुर्गचे सहा. झालं समाधान? पण सात फुटांबद्दलचं वाक्य मी मागे घेत नाही. आठ वर्षांची असतानाही ती वर्गात सगळ्यांत उंच असणार, पैज लावा.

रिबाउंड_राणी
पैज नको. आधी पोस्टमधलं 'हौशी बायका' खोडा.

उरल
'हौशी' खोडलं. 'बायका' ठेवू ना?

खडूस_अण्णा
पाच-अकराचा एक मुलगा कळलाय, नाशिकचा. तबला वाजवतो. सहा_फूट, व्यनि बघा.