‘पोलीस संरक्षण’ की ‘पोलीस बंदोबस्त’?

अनुवादिका: जमिनीच्या वादातील एका आदेशाचे मराठी भाषांतर करताना मी अडले आहे. तात्पुरता मनाई हुकूम झालेला असूनही प्रतिवादी कुंपणाचे खांब उपटून टाकतात, म्हणून वादीने पोलिसांसाठी अर्ज केला आणि तो मंजूर झाला. मी ‘पोलीस संरक्षण’ असे लिहिले. मजकूर वाचून दाखवताच वादी आजोबा म्हणाले, “ताई, माझ्या जिवाला कुणी काही करत नाही. मला खांब रोवायला बंदोबस्त पाहिजे.” नेमका शब्द कोणता?

दिवाणी वकील: आजोबांचे बरोबर आहे. साक्षीदाराला धमक्या येतात किंवा घरच्यांचा विरोध पत्करून लग्न केलेले जोडपे उच्च न्यायालयात येते, तेव्हा मागितले जाते ते संरक्षण, आणि ते माणसाला असते. मोजणीसाठी, अतिक्रमण काढण्यासाठी किंवा बेलिफाने ताबा देण्यासाठी मिळतो तो बंदोबस्त, आणि काम आटोपले की तो उठतो. शिवाय दिवाणी न्यायालयात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खाली केला जातो तो ‘अर्ज’ आणि संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात दाखल होते ती ‘याचिका’. हा भेद भाषांतरात पुसला जाऊ नये, कारण मालकीच वादग्रस्त असेल तर उच्च न्यायालय सहसा पक्षकाराला दिवाणी न्यायालयाची वाट दाखवते.

निवृत्त शिक्षक: मला दोन्ही शब्द खटकतात. ज्या भाषेसाठी शिवाजी महाराजांनी फारसी शब्दांना संस्कृत पर्याय देणारा राजव्यवहारकोश करवून घेतला, तिच्यात न्यायालयाने ‘बंदोबस्त’ लिहावे याचे मला मनापासून वाईट वाटते. ‘तुझा बंदोबस्त करतो’ ही तर उघड धमकी आहे. ‘पोलीस साहाय्य’ लिहावे.

निवृत्त तलाठी: गुरुजी, परभाषेतून आले म्हणून शब्द काढायचे ठरले, तर ‘अर्ज’, ‘दावा’, ‘हुकूम’, ‘वकील’ हेही जातील आणि आदेशात क्रियापदेच उरतील. ‘बंदोबस्त’ म्हणजे चहूबाजूंनी बांधून घेणे. एका मोजणीच्या वेळी दोन हवालदार बांधावरच्या बाभळीखाली नुसते बसून होते. त्यांनी कुणाला हटकले नाही, दगडाला हात लावला नाही, तरी एरवी कुऱ्हाड घेऊन धावणारे भाऊबंद गप्प उभे राहिले आणि दुपारपर्यंत हद्दीच्या खुणा कायम झाल्या. याला साहाय्य कसे म्हणावे? मला खरे खटकते ते आदेशातले ‘कब्जा’. कब्जा बळजबरीचा असतो, कायद्याने मिळतो तो ताबा.

दिवाणी वकील: असे म्हणता येणार नाही. ‘कब्जेगहाण’ म्हणजे ताबा देऊन ठेवलेले गहाण आणि ‘बिनकब्जा साठेखत’ म्हणजे ताबा न देता केलेला विक्रीचा करार, यांत बळजबरी कुठे आहे? बळजबरीची छटा अलीकडच्या बोलण्यातून चिकटली आहे.

निवृत्त शिक्षक: म्हणूनच ‘वहिवाट’ हा आपला शब्द घ्यावा. आमचे आजोबा सांगत, जिथून वर्षानुवर्षे गाडी वाहते ती वहिवाट.

निवृत्त तलाठी: ही व्युत्पत्ती मला पटत नाही. विहिरीच्या पाण्याचीही वहिवाट असते, तिथे कुठली गाडी वाहते? शिवाय वहिवाट सिद्ध करण्यातच तर पिढ्या जातात. तिच्यासाठी पीकपाहणीच्या नोंदी लागतात, शेजाऱ्यांच्या साक्षी लागतात. ‘ताबा’ आणि ‘वहिवाट’ एकच मानले, तर वाट्याने जमीन कसणारा त्यात कुठे बसतो?

अनुवादिका: आदेश उद्या द्यायचा आहे. तूर्त ‘पोलीस बंदोबस्त’ लिहिते. पण वाट्याने कसणाऱ्याचा प्रश्न त्याच आदेशाच्या चौथ्या परिच्छेदात आहे आणि तिथेही मी ‘कब्जा’च लिहिले आहे.