मदत हवी आहे: टॉम विल्सची गोष्ट पोरांना कशी सांगू?

नमस्कार मंडळी. मी मेलबर्नला असते, रविवारी नऊ-दहा वर्षांच्या मुलांचा मराठीचा वर्ग घेते. फुटीवेडी पोरं आहेत सगळी (फुटी म्हणजे इथला ऑस्ट्रेलियन फुटबॉल), म्हणून यंदा या खेळाच्या जनकांपैकी एक, टॉम विल्स, याची गोष्ट सांगायची ठरवलीय. एमसीजीबाहेर (मेलबर्न क्रिकेट ग्राउंड) त्याचा पुतळा आहे ना, 1858 च्या शाळकरी फुटबॉल सामन्यात पंच असलेला, तोच.

सुरुवात सोपी आहे. इंग्लंडच्या रग्बी शाळेत शिकून आलेला, क्रिकेटमध्ये नाव कमावलेला. हिवाळ्यात क्रिकेटपटूंचं अंग आखडू नये म्हणून जुलै 1858 मध्ये त्याने वर्तमानपत्राला पत्र लिहिलं: फुटबॉलचा क्लब काढा. मे 1859 मध्ये चौघा-पाचजणांनी बसून नियम लिहिले, अवघे दहा! लाथाडलेला चेंडू थेट झेलला की 'मार्क', हा त्यातलाच.

घोडं अडतंय ते पुढे. 1861 मध्ये क्वीन्सलँडला आदिवासींच्या हल्ल्यात त्याचे वडील आणि आणखी 18 जण मारले गेले. टॉम सामान आणायला गेला होता म्हणून वाचला. आणि पाचच वर्षांत हाच माणूस आदिवासी क्रिकेट संघाला शिकवतोय! नंतर दारू, आणि 1880 मध्ये 44व्या वर्षी आत्महत्या.

शेवट गाळला तर खोटं वाटतं. सांगितला तर घरून फोन येणार. शिक्षक, आईबाबा, तुम्ही कुठे थांबला असता? आणि 'मार्क'ला 'झेल' म्हणू का? क्रिकेटशी गोंधळ होईल, नाही?