शब्दचर्चा : 'संगीतकृती' म्हणावे की 'बंदिश'?

परभणीहून प्रश्न :
संगीताच्या तत्त्वज्ञानावरील एका लेखाचे मी मराठीकरण करीत आहे. बेथोव्हेनची पाचवी सिंफनी व्हिएन्नात वाजो की मुंबईत, वादक बदलले तरी जे 'तेच' राहते, त्याला तिकडचे तत्त्वज्ञ 'वर्क' म्हणतात. आतापर्यंत मी 'संगीतकृती' असे लिहीत आलो. परंतु हा शब्द मी कोणत्याही गवयाच्या तोंडून ऐकलेला नाही. चीज, बंदिश, रचना, चाल यांपैकी कोणता शब्द योग्य ठरेल?

नांदेडहून :
सर, 'कृती' टाळावा. कर्नाटक संगीतात ते एका विशिष्ट गीतप्रकाराचे नाव आहे. त्यागराजांच्या कृती म्हणतात त्या याच. 'रचना' त्यातल्या त्यात सुरक्षित वाटतो.

छत्रपती संभाजीनगरहून :
'रचना' सुरक्षित आहे खरा, पण त्यात केवळ मांडणी येते. हातोहात जाणारी एखादी वस्तू असल्याचा भाव त्यात येत नाही. तो भाव 'चीज' या शब्दात आहे. फारसीत 'चीज' म्हणजे वस्तू, आणि आपले गवई चीज मिळाली, चीज दिली, चीज कुणाला दिली नाही असेच बोलतात. ('कष्टांचे चीज झाले' यातला नपुंसकलिंगी शब्दही याच घरचा.) विशेष म्हणजे इथून जवळच असलेल्या देवगिरीवर, सिंघण यादवाच्या पदरी असताना, शार्ङ्गदेवाने तेराव्या शतकात 'संगीतरत्नाकर' लिहिला आणि त्यात निबद्ध, म्हणजे आधीच बांधलेल्या, गानाला तीन नावे दिली : प्रबंध, वस्तु आणि रूपक. 'चीज' हे 'वस्तु'चे भाषांतर आहे असा माझा दावा नाही. तरी दोन वेगळ्या भाषांतून आलेल्या शब्दांनी गाण्याकडे एकाच नजरेने पाहावे, याचे मला फार मोल वाटते.

'बंदिश' याहून नेमका आहे. फारसी 'बंदिश' आणि संस्कृत 'बंध' ही एकाच कुळातली भावंडे आहेत, आणि आपणही चाल 'बांधतो'. आता काय बांधलेले आहे ते पाहा. शिकवणीत विद्यार्थ्याने तान वेगळी घेतली, आलाप लांबवला, तर गुरुजी काही म्हणत नाहीत, पण मुखड्यातले (बंदिशीच्या पहिल्या ओळीतले) जे अक्षर समेवर, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेवर, यायचे ते एक मात्रा पुढे गेले, की हाताने ठेका थांबवून ते म्हणतात, "बंदिश बिघडली." म्हणजे बांधलेले आणि मोकळे यांतली सीमा गाणाऱ्यांना पक्की ठाऊक असते. नेल्सन गुडमन या तत्त्वज्ञाने 1968 साली असे मांडले, की एकही स्वर चुकला तर ते त्या 'वर्क'चे वादन ठरत नाही. हा निकष ख्यालाला, म्हणजे आपल्या हिंदुस्थानी रागगायनाच्या प्रकाराला, लावायचा, तर आधी कोणते स्वर बांधलेले आहेत हेच ठरवावे लागेल.

म्हणून माझे मत असे, की लेखात 'संगीतरचना' लिहावे आणि पहिल्याच परिच्छेदात 'तिच्यातला निबद्ध अंश म्हणजे तिची ओळख' असे स्पष्ट करावे. सिंफनीत निबद्ध पुष्कळ आणि मोकळे थोडे; ख्यालात निबद्ध थोडे आणि मोकळे पुष्कळ. भेद प्रमाणाचा आहे, त्यामुळे दोन्हींना एकच शब्द पुरतो. 'बंदिश' मात्र सिंफनीला लावू नये. कानाला ते खटकते.

गंगाखेडहून :
दादा, आमच्या भजनी मंडळाची अडचण याहून वेगळी आहे. जनाबाईंचा एकच अभंग आम्ही काकड्याला एका चालीत म्हणतो आणि एकादशीच्या कीर्तनात दुसऱ्या. शिवाय त्यातल्या एका चालीत आणखी दहा-पंधरा अभंग बसतात. पेटीवाले काका आधी विचारतात, "चाल कोणती धरायची?" आणि मगच सूर देतात. मग आमची 'संगीतरचना' कोणती म्हणायची, अभंग की चाल?

छत्रपती संभाजीनगरहून :
ताई, या प्रश्नासाठीही शब्द तयार आहेत. शार्ङ्गदेव शब्दांच्या बाजूला 'मातु' आणि स्वरांच्या बाजूला 'धातु' म्हणतो, आणि दोन्ही स्वतः करणाऱ्याला वाग्गेयकार. दुसऱ्याच्या धातूवर आपली मातु बसवणाऱ्यासाठी त्याने 'कुट्टिकार' असे वेगळे नाव ठेवले आहे. म्हणजे एकाची चाल आणि दुसऱ्याचे शब्द हा व्यवहार तेव्हाही इतका सरसकट होता, की त्याला नाव देणे भाग पडले. आपल्या मंडळात मातु संतांची असते, ती अक्षरशः जपली जाते आणि एक शब्द चुकला तरी विणेकरी टोकतात. धातु मात्र बदलता येते. तेव्हा अभंगात निबद्ध अंश शब्दांत आहे, ख्यालात तो मुखड्यात आणि समेत आहे. परभणीच्या सरांनी लेखात अभंगाचे उदाहरण घेतले, तर तिथे 'संगीतरचना' न लिहिता 'अभंग' आणि 'चाल' हे दोन शब्द वेगवेगळे ठेवावेत.