मदत हवी आहे: १८९९ च्या स्युवनी संघाबद्दल

नमस्कार मंडळी. अमेरिकन फुटबॉल कळणारं कुणी आहे का इथे? भाच्यामुळे (तो टेनेसीत शिकतो) मी स्युवनी या तिथल्या छोट्या विद्यापीठाच्या १८९९ च्या हंगामात पुरता अडकलोय.

१२ सामने, १२ विजय. त्यातले पाच तर ९ ते १४ नोव्हेंबर या सहा दिवसांत, रेल्वेने गावोगाव हिंडत! ऑस्टिनला टेक्सास १२-०, ह्यूस्टनला टेक्सास ए अँड एम १०-०, न्यू ऑर्लिन्सला टुलेन २३-०, रविवारी विश्रांती, मग बॅटन रूजला एलएसयू (लुइझियाना स्टेट युनिव्हर्सिटी) ३४-० आणि मेम्फिसला ओल मिस (मिसिसिपी विद्यापीठ) १२-०. आपल्याकडे सलग दोन दिवस कबड्डी खेळली तरी तिसऱ्या दिवशी जिना उतरवत नाही. अख्ख्या हंगामात त्यांच्यावर गुण चढवले ते फक्त ऑबर्नने, तेही ११-१० असे हरताना.

आता अडचण. तेव्हा टचडाउनला (चेंडू समोरच्या संघाच्या गोलरेषेपलीकडे नेण्याला) ५ गुण होते आणि त्यानंतरच्या किकला १, एवढं कळलं. चेंडू पुढच्या दिशेने फेकायला परवानगी १९०६ मध्ये मिळाली, म्हणजे सगळी नुसती रेटारेटीच. पण बदली खेळाडूंचा तेव्हाचा नियम काय होता? कबड्डीत बाद झालेला गडी परत आत येतो, तसं इथे बाहेर गेलेल्याला पुन्हा उतरता यायचं का? की तेच अकरा जण शेवटपर्यंत?

त्या काळची नियमपुस्तिका किंवा वर्तमानपत्रं कुठे वाचायला मिळतील तेही सांगा. भाच्याला विचारलं, तर तो म्हणतो, "मामा, मी बास्केटबॉल बघतो."