माग्दालेना मोन्टेझुमा यांचे चित्रपट : सुरुवात कोठून करावी?

चित्रवेडी :
फासबिंडर आणि हेर्झोग या जर्मन दिग्दर्शकांचे महत्त्वाचे चित्रपट पाहून झाले आहेत आणि आता त्याच काळातील आडवाटेच्या जर्मन चित्रपटांकडे वळण्याचा विचार आहे. दिग्दर्शक वेर्नर श्र्योटर यांच्याविषयी वाचताना माग्दालेना मोन्टेझुमा या अभिनेत्रीचे नाव वारंवार येते. त्यांचे काम समजून घेण्यासाठी आधी काय पाहावे? ऑपेरातले मला फारसे कळत नाही, हे लक्षात घेऊन जाणकारांनी कृपया सुचवावे.

कंदील :
श्र्योटर यांचा १९७२ चा ‘डेर टोड डेर मारिया मालिब्रान’ आधी पाहावा, असे मी आग्रहाने सांगेन. तरुणपणीच मरण पावलेल्या एका ऑपेरा गायिकेच्या नावाभोवती तो गुंफलेला असला, तरी त्यात सरळ चरित्र शोधायला जाऊ नये. रंगवलेले चेहरे अगदी जवळून, बराच वेळ दिसत राहतात आणि ध्वनिमुद्रिकेवरच्या गाण्याशी ओठांची हालचाल पुरती जुळत नाही. ही विसंगती मुद्दाम ठेवलेली आहे, आणि तिच्यातही मोन्टेझुमा यांची नजर जराही ढळत नाही. ऑपेराचे ज्ञान नसले तरी काही अडत नाही. त्यांचाच १९६९ चा ‘आइका काटापा’ मात्र लगेच घेऊ नये. जवळपास अडीच तासांच्या त्या चित्रपटाला धड कथानक नाही आणि नवखा प्रेक्षक कंटाळून उठण्याचीच शक्यता अधिक.

उंबरठा :
कंदील यांच्याशी मी अंशतः असहमत आहे. श्र्योटर यांच्यापासून सुरुवात केली, तर मोन्टेझुमा म्हणजे केवळ त्यांच्या कॅमेऱ्यासमोरचा एक विलक्षण चेहरा, असा ग्रह होतो. दिग्दर्शिका उलरिके ओटिंगर यांच्या १९८१ च्या ‘फ्रीक ऑर्लँडो’मध्ये त्या पाच प्रकरणांतून, निरनिराळ्या काळांत नव्याने अवतरणारा ऑर्लँडो साकारतात, आणि तेथे त्यांच्या देहबोलीचा आवाका खऱ्या अर्थाने कळतो. त्यानंतर श्र्योटर यांचा १९७१ चा ‘सालोमे’ पाहावा. लेबनॉनमधील बालबेकच्या प्राचीन अवशेषांत चित्रित झालेल्या त्या चित्रपटात त्यांनी हेरोद राजाची भूमिका केली आहे. बालगंधर्वांची रूपे पिढ्यान्‌पिढ्या वाखाणणाऱ्या आपल्या प्रेक्षकाला उलट दिशेचा हा प्रवास सहज रुचावा.

कंदील :
‘फ्रीक ऑर्लँडो’विषयीचा मुद्दा मान्य आहे, तरीही पहिल्याच बैठकीला तो जड जाईल असे वाटते. श्र्योटर यांचा ‘डेर रोझेनक्योनिग’ मात्र कोणत्याही क्रमात शेवटी ठेवावा. त्याची पटकथा मोन्टेझुमा यांनी श्र्योटर यांच्यासह लिहिली आणि कर्करोगाने ग्रासलेल्या असतानाच पोर्तुगालमध्ये त्याचे चित्रीकरण पूर्ण केले. जुलै १९८४ मध्ये त्यांचे निधन झाले आणि चित्रपट १९८६ मध्ये प्रदर्शित झाला. आधीचे काम ठाऊक नसेल, तर त्यातील त्यांचा थकलेला, तरीही ताठ वावर नुसता आजारपणाचा भाग वाटेल.

चित्रवेडी :
दोघांचेही आभार. ‘मालिब्रान’ने सुरुवात करते. त्याची चांगली प्रत कोठे मिळेल?

उंबरठा :
म्युनिकच्या चित्रपट संग्रहालयाच्या डीव्हीडी मालिकेत ‘मालिब्रान’ आणि ‘आइका काटापा’ एकत्र निघाले आहेत. तीच प्रत शोधावी. महाजालावर फिरणाऱ्या धूसर प्रतींत चेहऱ्यांवरचे रंगच उरत नाहीत.