जाणीव मोजणारा सिद्धान्त उद्या आलाच, तर त्याला कोणती कसोटी लावावी?

प्रश्न: समजा, पुढील शतकात एखाद्या सिद्धान्ताने जाणीव ही वस्तुमानासारखी मोजता येणारी राशी असल्याचा दावा केला, तर तो स्वीकारण्यापूर्वी काय तपासावे?

प्रतिसाद १: प्रथम अनुमस्तिष्क, म्हणजे मेंदूच्या मागच्या बाजूचा खालचा भाग. मानवी मेंदूतील सुमारे ८६ अब्ज चेतापेशींपैकी जवळजवळ ६९ अब्ज तेथे असूनही त्याला इजा झाल्यास तोल आणि हालचाली बिघडतात, जाणीव मात्र टिकते. त्यामुळे केवळ पेशींची संख्या मोजणारा सिद्धान्त येथेच बाद होतो. मेंदूशास्त्रज्ञ जुलिओ टोनोनी यांचा २००४ मधील एकात्मिक माहितीचा सिद्धान्त याचे उत्तर पेशींच्या परस्परजोडणीत शोधतो.

प्रतिसाद २: टोनोनींच्या सिद्धान्तानुसार मात्र काहीही न करणाऱ्या, पण विशिष्ट रचनेच्या घटकांच्या साध्या जालालाही (नेटवर्कलाही) जाणीव असू शकते, आणि हे मला पटत नाही. २०२३ मध्ये शंभराहून अधिक अभ्यासकांनी या सिद्धान्ताला छद्मविज्ञान ठरवले, हे जरा अतीच झाले.

प्रतिसाद ३: राशी मोजली तरी अनुभव मुळात का असतो, हा तत्त्वज्ञ डेव्हिड चामर्स यांचा प्रश्न उरतोच. जाणिवेची मेंदूतील खूण २५ वर्षांत स्पष्ट होईल, अशी पैज मेंदूशास्त्रज्ञ क्रिस्टोफ कॉख यांनी १९९८ मध्ये चामर्स यांच्याशी लावली होती. २०२३ मध्ये कॉख यांनी हार मान्य करून पैजेची वाइन दिली.