एक्साईजने धरलेली पिकअप कोर्टातून कशी सोडवायची? (कराड)

प्रश्न
भावाची पिकअप भाड्याने चालते. परवा कराडजवळ हायवेवर एक्साईजच्या (राज्य उत्पादन शुल्क विभाग) भरारी पथकाने थांबवली, तर भाजीच्या क्रेटखाली गोवा बनावटीच्या दारूचे बॉक्स निघाले. ड्रायव्हरला अटक झाली, गाडी जप्त आहे. भावाचं नाव एफआयआरमध्ये नाही. गाडीवर फायनान्स आहे. ऑफिसात म्हणतात कोर्टाची ऑर्डर आणा. ड्रायव्हरला जामीन मिळाला की गाडी सुटेल ना?

उत्तर १
नाही. जामीन वेगळा, गाडी वेगळी. गाडीसाठी मालकाने स्वतः मुद्देमाल परत मिळण्याचा अर्ज करायचा, तोही गुन्हा जिथे घडला त्या हद्दीतल्या प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे. जप्ती कराड तालुक्यात असेल तर कराड कोर्ट. साताऱ्याला हेलपाटा घालू नका.

१ जुलै २०२४ पासून अर्ज भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ आणि ५०३ खाली होतो (पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेची ४५१ आणि ४५७). सोबत सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य हा सर्वोच्च न्यायालयाचा २००२ चा निकाल लावा. जप्त वाहनं ठाण्याच्या आवारात महिनोन् महिने सडवू नयेत, बंधपत्र आणि हमी घेऊन सोडावीत, असं त्यात स्पष्ट आहे.

सरकारी वकिलांच्या म्हणण्यात ठरलेली हरकत येते: गाडी पुराव्यासाठी लागेल. त्यावर अर्जातच लिहा की गाडीचे फोटो आणि व्हिडिओ काढून पंचनामा करावा, आमची हरकत नाही. कलम ४९७ मध्ये याची तरतूद आहे आणि ते फोटो पुराव्यात चालतात. मग त्या हरकतीत फारसा दम उरत नाही.

उत्तर २
कागद: आरसी, विमा, फिटनेस, परमिट, पीयूसी, आधार, एफआयआर आणि जप्ती पंचनाम्याची प्रत, मालकाचं प्रतिज्ञापत्र. फायनान्स असल्याने कंपनीचं ना-हरकत पत्र आणि हप्त्यांचा उतारा आधीच घ्या, नाहीतर तेवढ्यासाठी तारीख पडते.

पंचनाम्यातला चेसिस आणि इंजिन नंबर आरसीशी एकेक अक्षर ताडून बघा. इंग्रजी बी चा आठ झाला, आयचा एक झाला, की आदेश हातात असूनही ताबा देताना गाडी अडते. चूक दिसली तर अर्जातच नमूद करा, म्हणजे आदेशात बरोबर नंबर येईल.

जामीनदार लागला तर ताजा सातबारा किंवा घरपट्टीची पावती तयार ठेवा.

प्रश्नकर्ता
आरसी अजून आधीच्या मालकाच्या नावावर आहे. विमाही गेल्या महिन्यात संपलाय.

उत्तर २
मग खरी अडचण इथेच आहे. कोर्ट सहसा नोंदणीकृत मालकाकडेच ताबा देतं. ट्रान्सफर होईपर्यंत थांबायचं नसेल तर आधीच्या मालकालाच अर्जदार करा, किंवा गाडी विकली आहे आणि भावाला ताबा द्यायला हरकत नाही, असं त्यांचं प्रतिज्ञापत्र जोडा. त्यांनी सही करून दिलेल्या नुसत्या ट्रान्सफर फॉर्मवर भागत नाही. थर्ड पार्टी विमा आत्ताच काढून घ्या.

उत्तर ३
सुपूर्दनाम्याच्या (गाडीचा ताबा घेताना लिहून द्यायच्या हमीपत्राच्या) अटी नीट वाचा: गाडी विकायची नाही, रंग आणि स्वरूप बदलायचं नाही, कोर्ट सांगेल तेव्हा हजर करायची. मोडल्या तर बंधपत्राची रक्कम जाते.

आणि हा ताबा तात्पुरता आहे, हे बरेच जण विसरतात. निकालाच्या वेळी दारूबंदी कायद्याच्या कलम ९८ खाली गाडी सरकारजमा होऊ शकते. कलम ९९ प्रमाणे गुन्हा होऊ नये म्हणून मालकाने योग्य काळजी घेतली होती, हे कोर्टाला पटलं तर वाचते. तो पुरावा आजच गोळा करा: भाडेकरार, त्या फेरीची बिल्टी (माल वाहतुकीची पावती), ड्रायव्हरचं लायसन्स, त्याच्याशी झालेले मेसेज, जीपीएस असेल तर त्या दिवसाचा रूट. कंपन्या जुना जीपीएस डेटा कायम ठेवत नाहीत, तो आधी डाउनलोड करा.

अर्ज फेटाळला तर सत्र न्यायालयात पुनरीक्षण (रिव्हिजन) अर्ज, मुदत ९० दिवस.

ताबा घ्यायला जाताना बॅटरी आणि टोचनची सोय न्या, उभ्या गाडीची बॅटरी बसलेली असते. स्टेपनी, जॅक, टेप पंचनाम्याशी जुळवून बघा, काही कमी असेल तर ताबा पावतीवर तिथेच लिहा आणि मगच सही करा.